ढावलो न म्हणता गेलेली

शांते, तुझ्या शोकसभेला साउंड माझाच होता. दुसऱ्या कोणाचा लावू दिला असता का मी? मानोऱ्यातल्या त्या सभागृहात खुर्च्या भरल्या, उरलेली माणसं भिंतीला टेकून उभी राहिली, आणि मग एकेक जण तुझ्याबद्दल बोलायला लागला. एकानं सांगितलं, शांताबाईंचा आवाज कोकिळेसारखा गोड होता. मी मिक्सरच्या मागं बसलो होतो, तिथंच मला हसू फुटलं. कोकिळा! तू गायला लागली की पहिल्या रांगेतले म्हातारे कानात बोटं घालायचे, आणि तुला त्याचाच आनंद व्हायचा. दुसरा म्हणाला, अत्यंत शांत स्वभाव. नावावरून ठोकून दिलं असावं बिचाऱ्यानं. तू जिच्याशी किंवा ज्याच्याशी भांडली नाही असं माणूस या तालुक्यात सापडलं तर मी त्याला घरी बोलावून जेवू घालतो.

शेवटी सभेचे संयोजक माझ्याजवळ येऊन वाकले. "विजूभाऊ, आता बाईंचं ते पिक्चरमधलं गाणं लावा. त्याच्यानं समारोप करू." मी म्हटलं, पेन ड्राइव्ह खराब झाला. झाला नव्हता, खिशात होता. लोक गप उभे राहिले आणि आपापल्या घरी गेले.

ते गाणं मी काहून लावलं नाही, हे तिथं कोणाला सांगत बसू? त्या गाण्यावरून आपलं भांडण चालू होतं आणि ते मिटायच्या आधीच तू उठून गेली. हे तुझं जुनंच आहे. तालीम अर्ध्यावर सोडून जायची, जेवण अर्ध्यावर सोडून जायची. तू कशानं गेली, कोणत्या दवाखान्यात गेली, ते पेपरात आलं. मला त्याच्याबद्दल काही म्हणायचं नाही. मला फक्त ते भांडण पुरं करायचं आहे, आणि परवा तांड्यावर काय झालं ते तुला सांगायचं आहे.

तुला मी पहिल्यांदा ऐकलं ते तुमच्या बंजारा तांड्यावरच, होळीला. तुमची लेंगी चालू होती. डफाच्या ठेक्यावर एकीकडं बायांचं रिंगण, दुसरीकडं माणसांचं, आणि मधल्या मधी एकमेकांची गाण्यातून उणीदुणी. मी बापासोबत हॅलोजन लावायला आलेलो. त्या बायांमधून तुझा आवाज असा वर आला की पलीकडच्या माणसांचं रिंगण चुकलं. मी साउंडवाल्याचं पोरगं, माझ्या डोक्यात पहिला विचार हा आला की हिला माइक कशाला लागेल? दुसरा विचार आला की हिच्यामागं ड्रम पाहिजेत. त्या दुसऱ्या विचारानं माझ्या आयुष्याचं वाटोळं केलं, असं माझी बायको अजून म्हणते.

मग आपला बँड. नदीच्या नावावरून 'अडाण' नाव ठेवलं आणि लोकांनी लगेच 'अडाणी' केलं. कामरगावच्या गणपतीसमोर पहिला कार्यक्रम. तू पहिलंच गाणं असं उचललं की मंडळाचा अध्यक्ष धावत आला, "ताई, तब्येत बरी हाय ना तुमची?" तू माइकवरूनच म्हणाली, "माही बरी हाय, तुमची पाह्यजा." पब्लिक खलास. पुढं आपण पुण्याला गेलो, मुंबईला गेलो, पोरं तुझ्या नावानं ओरडायची. घरी तुझ्यासाठी स्थळ पाहून ठेवलं होतं. तू त्या लग्नाच्या आधी बॅग उचलली ती उचलली. तुझ्या भावानं वर्ष-दीड वर्ष माझ्याशीसुद्धा बोलणं टाकलं होतं, जसं काही मीच तुला पळवून नेली. मला माझे ड्रम उचलताना दम लागायचा.

ते सगळं झ्याक चाललेलं असताना तू गाणं सोडलं. हे मला तेव्हा पटलं नाही, आजही पटत नाही. आयोजक म्हणायचे, स्टेजवर या तर तुमचा तो आरशांचा घागरा घालून या, फेटिया-कांचळी, हातभर चुडे, लोकांना आवडते. तू जीन्स घालून जायची. मग ते पोस्टरवर तरी घागरा छापायचे. एका कार्यक्रमानंतर तू ग्रीन रूममध्ये आरशासमोर बसून मला म्हणाली, "विज्या, लोक मले पाहून राह्यले बे. आयकून कोनीच नाही राह्यलं." मी म्हटलं, पाहू दे ना, पाहता पाहता ऐकतील. तू म्हणाली, "आता मी लिहीन. शब्दाले कोनी घागरा घालू शकत नाही." बास. एवढ्यावर बँड बंद. तू मुंबईला राहून पिक्चरची, सिरियलची, मोबाइलवर येते त्या मालिकांची गाणी लिहायला लागली. मी ड्रम गोदामात टाकले, त्याच्यावर ताडपत्री टाकली आणि बापाच्या धंद्याला लागलो. मंडप, साउंड, लाइट. तुझे शब्द दुसऱ्यांच्या तोंडून यायचे तेव्हा मला राग यायचा. चांगले गायचे ते, सुरात गायचे, पण जेवणात मीठच नसल्यासारखं वाटायचं. हे मी तुला फोनवर सांगितलं की तू म्हणायची, "बीपी असन तुले, मीठ कमी खा."

आणि मग ते गाणं आलं.

ऊसतोडीला जाणाऱ्या लोकांवरचा पिक्चर होता. त्यात नवरी सासरी निघते तो प्रसंग. तू त्याच्यासाठी ढावलो लिहिला. हे वाचणाऱ्या बाकीच्यांसाठी सांगतो: तांड्यातली पोरगी लग्न होऊन निघते तेव्हा ती नुसती रडत नाही, ती रडणं गाते. आईच्या गळ्यात पडते, बापाच्या, भावाच्या, आजीच्या, आणि ज्याच्या गळ्यात पडली त्याच्यासाठी तिथल्या तिथं ओळी जोडते. लग्नाआधी म्हाताऱ्या बाया तिला घेऊन बसतात. चाल शिकवतात, शब्दाला शब्द कसा लावायचा ते शिकवतात. पण कोणाला काय म्हणायचं ते तिचं तिनं. याला म्हणतात ढावलो.

तू तुझा ढावलो म्हटलाच नव्हता. लग्न नाही, निरोप नाही, बॅग उचलली आणि एसटीत बसली. म्हणून तू तो पिक्चरमध्ये लिहिला, हे मला पहिल्या ओळीलाच कळलं. तुझ्या आईला, याडीला, तर एकदाच ऐकून कळलं होतं. तांड्यावर कोणीतरी तिच्या कानाला मोबाइल लावला, तिनं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "जिनं म्हनला नाही, तिनं लिवला." तू हे मला हसत हसत सांगितलं. सांगून झाल्यावर घाईघाईनं फोन ठेवून दिला.

एक गोष्ट मी तुला कधी सांगितली नाही. ते गाणं मी पहिल्यांदा गोदामात हेडफोन लावून ऐकलं आणि केबलच्या बंडलावर बसून रडलो. भोकाड पसरून. तुला सांगितलं असतं तर तू डोक्यावर मिऱ्या वाटल्या असत्या, म्हणून नाही सांगितलं. आता सांगतो. लय चांगलं गाणं होतं ते, शांते. तू लिहिलेल्या सगळ्यात चांगलं.

तिथूनच घोळ झाला. गाणं इतकं चाललं की लग्नात निरोपाच्या वेळी लोक ते मागायला लागले. आधी गावातले, मग तांड्यावरचेही. मी लावायचो. माझा धंदाच तो आहे, पार्टी म्हणेल ते लावायचं. मग तू त्या लग्नाला आली. मानोऱ्याच्या पलीकडचा तांडा, तुझ्या मावसबहिणीची पोरगी. निरोपाची वेळ झाली, मी मिक्सरवर आवाजाचा फेडर वर केला, तुझं गाणं सुरू झालं. तिकडं नवरी मान खाली घालून उभी. तोंडातून शब्द नाही. आईच्या गळ्यात पडली, गाणं वाजतंय. बापाच्या गळ्यात पडली, गाणं वाजतंय. सगळे मोबाइल वर करून शूटिंग करतायत. तू गर्दीतून माझ्याकडं आली तेव्हा तुझा चेहरा पाहून मी खुर्चीवरून उठलोच.

"विज्या, बंद कर."

"पार्टीनं सांगतलं हाय, शांते."

"पोरगी मुकी उभी हाय अन् तुहा डबा रडून राह्यला! बंद कर म्हनलं ना!"

मी काही करायच्या आत तू केबलच उपटली. एकदम शांतता. सगळे नवरीकडं पाहायला लागले. आणि नवरीला काहीच येत नव्हतं. तिनं तोंड उघडलं, मिटलं. वऱ्हाडातली पोरं फिदीफिदी हसली. नवरीची आई तुझ्या अंगावर धावून आली, "मोठी आली मुंबईची! माह्या पोरीचा तमाशा करून टाकला!" तू सगळ्या महाराष्ट्रासमोर गायलेली बाई, हातातली केबल माझ्याकडं टाकून मागं सरकली. मी केबल जोडली, गाणं परत लावलं, आणि पोरगी त्याच्यावरच गेली.

ती गाडीत बसल्यावर तू तिला खिडकीतून विचारलं होतं, काहून नाही म्हटला गं? मी बाजूलाच होतो. ती म्हणाली, "येतच नाही मले. आमी दसऱ्यापासून उसावर राह्यतो, आजी इथं. कोन शिकवीन?" मग तुलाच समजावल्यासारखं म्हणाली, "अन् मोबाइलमंदी तं हायच ना, मावशी. तुमी इतका चांगला लिवला."

ते तिनं मनापासून म्हटलं होतं. तुझं कौतुकच केलं. परतताना जीपमध्ये तू बाहेर पाहत होती, आणि मी तुझी समजूत काढायला गेलो तर आपलं जुंपलं. मी म्हटलं, यात तुझ्या गाण्याचा काय दोष? पोरगी अर्धं वर्ष उसाच्या फडात, आजी तांड्यावर. हे ऊसतोडीला माणसं भरून नेणाऱ्या त्या ट्रकचं काम आहे. ट्रकनं ढावलो नेला, तू नाही. तू म्हणाली, "ट्रकनं पोरगी नेली. तिच्या तोंडात जे उरलं होतं ते म्या नेलं." मी म्हटलं, तू लय मोठं समजतेस स्वतःला. तू ड्रायव्हरला जीप थांबवायला सांगितली आणि मला उतरवलं. भर उन्हात. चालत घरी आलो मी, हे लक्षात असू दे.

त्यानंतर तू जे सुरू केलं त्याला सभेत सगळे 'सामाजिक कार्य' म्हणत होते. मला तर ते गाण्याच्या तालमीसारखंच दिसायचं, तेच ते पुन्हा पुन्हा. दर दसऱ्याच्या सुमारास तू तांड्यावर हजर. ट्रक भरायच्या जागी उभी. पोरी इथंच ठेवा, आजीजवळ ठेवा, त्यांच्यासाठी हंगामी वसतिगृह उघडून घेऊ. पहिल्या वर्षी एका बापानं तुला सरळ विचारलं, "पोरगी इथं ठेवली तं फडात लहान्याले कोन पाहीन? दोघं बी ऊस तोडतो आमी." ट्रक गेला, पोरगी गेली, कडेवर लहाना घेऊन. तू समोरच्या ओट्यावर बसून राहिली. मुंबईहून कोण्या निर्मात्याचा फोन आला, प्रेमगीताचा दुसरा अंतरा पाहिजे होता. तू तिथंच बसून त्याला तो सांगितला, मधी मधी शिव्या गिळत. कोणतं गाणं ते मी कोणाला सांगणार नाही, लोक लग्नात नाचतात त्याच्यावर.

दुसऱ्या वर्षी तू उत्तर घेऊन आली. लहाने बी ठेवा. आज्या स्वयंपाकाला, आज्याच सांभाळायला, त्यांना त्याचा मोबदला मिळाला पाहिजे. त्याच्यासाठी तू कचेऱ्यांमध्ये किती खेटे घातले ते मी मोजले नाहीत. एका बैठकीत साहेबांनी तुझ्यासमोर माइक सरकवला तर तू तो बाजूला ठेवला आणि बोलायला लागली. बाहेर चहाच्या टपरीवर लोकांना ऐकू गेलं म्हणतात. बरोबर ओळखलं होतं मी होळीला. शेवटी वसतिगृह उघडलं. तुझी याडी तिथं पहिली कामाला लागली, आणि तुझ्या भावाची पोरगी गुड्डी तिथं पहिली राहिली. भाऊ-भावजय ऊसतोडीला गेले, पोरगी रागावून दोन दिवस जेवली नाही. संध्याकाळी भांडी झाली की आज्या पोरींना घेऊन बसायच्या. कोणी ढावलो शिकवायचं, कोणी नुसत्या चहाड्या.

पण मला तू सोडलं नाही. तुझं म्हणणं एकच, ते गाणं लग्नात लावायचं नाही. मी म्हणायचो, मी नाही लावलं तर दुसरा लावीन. मागणारे मागतात, मी कोण नाही म्हणणारा? तू म्हणायची, "तू साउंडवाला हाय का कॅसेट?" मी म्हणायचो, लिहिलं कोणी? इथं येऊन गाडं अडायचं. मी लावत राहिलो, तू बोलत राहिली. खरं सांगू, मला अजूनही वाटतं की गाण्याचा दोष नव्हता. फक्त आता हे ऐकून चिडायला कोणी नाही. त्याच्यात मजा नाही राहिली.

दवाखान्यातून तुझा शेवटचा फोन आला तेव्हा आवाज इतका बारीक की मला वाटलं रेंज नाही. "गुड्डीचं लगन हाय. मशीन तुहंच लावजो. नाच-गानं काय लावाचं ते लाव. पन ढावलोच्या टायमाले बंद ठेवजो."

मी म्हटलं, "अन् तिच्या तोंडातून नाही निंगालं तं? मांगच्यासारखं झालं तं? सगळ्या वऱ्हाडासमोर पोरीची फजिती."

तू म्हणाली, "मी राहीन ना बाजूले उभी."

लग्न पुढं ढकलायचं नाही, हे भावाला तूच सांगून ठेवलं होतं. म्हणून तुझं दिवसपाणी झालं आणि मांडव पडला. परवा मी सकाळीच तांड्यावर पोचलो. गुड्डी हळदीच्या अंगानं माझ्याजवळ आली. "काका, आत्यानं सांगतलं ते ध्यानात हाय ना?" मी म्हटलं, आहे. पण तू सांग, तुला पाहिजे असेल तर खिशात पेन ड्राइव्ह आहे. नुसता हात वर कर, मी लावतो. तिनं माझ्या खिशाकडं एकदा पाहिलं आणि मांडवात परत गेली. घाबरलो तर मी पण होतो, पण मला दाखवायची सोय नव्हती.

निरोपाची वेळ आली. मी सगळं बंद केलं. जनरेटरसुद्धा. वऱ्हाडातला एक जण लगेच ओरडला, "ओ डीजेवाले, झोपले का? ते गानं लावा ना!" त्याच्यामागं दुसरा, तिसरा. गुड्डी याडीसमोर उभी राहिली. तोंड उघडलं. आवाज आला तो अर्ध्यातच फाटला. ती थांबली. मागं कोणीतरी हसलं. तीच शांतता, शांते, त्याच लग्नातली. तू बाजूला नव्हती. देवाशप्पथ, मी तुला मनातल्या मनात अशा शिव्या घातल्या की काय सांगू. माझा हात जनरेटरच्या दोरीवर गेला होता. मी गुड्डीच्या हाताकडं पाहत होतो, वर करते का.

तिनं हात वर केला नाही. तिनं याडीच्या गळ्यात हात टाकले आणि परत सुरुवात केली.

बेसूर होतं. तुझ्याशी खोटं बोलून काय करू, पार बेसूर. दम पुरत नव्हता, मधीच हुंदका यायचा, मधीच नाक. तुमची बोली मला इतक्या वर्षांत जेवढी समजते तेवढी समजली. आजीला म्हणाली, तू माझी वेणी इतकी ओढून घालायची की मला दिवसभर डोकं दुखायचं, आता दुखणार नाही तर मी काय करू. बापाला म्हणाली, तू ट्रकवर चढला आणि मागं वळून पाहिलं नाही, मी सगळा हंगाम तुझ्यावर रागावून होते, आज मी गाडीत चढते, मी पण वळून पाहणार नाही, मग समजेल तुला. तुझा भाऊ खालीच बसला. ओरडणारे वऱ्हाडी कधी गप झाले ते मला समजलं नाही.

सगळ्यांच्या गळ्यात पडून झालं. बाया तिला गाडीकडं न्यायला लागल्या तर ती अडली. तिला अजून एक म्हणायचा होता. कोणाच्या गळ्यात पडावं ते तिला समजेना, म्हणून ती परत याडीकडंच गेली आणि तिच्या खांद्यावरून म्हणाली, आत्या, तू मला राहायला जागा करून दिली आणि स्वतः जागेवर राहिली नाही. तू सगळ्यांशी भांडली, माझ्याशी भांडायचं राहिलं. लबाड आहेस तू, आत्या. याडी एवढा वेळ कोरड्या डोळ्यांनी उभी होती. तुझ्या मातीच्या दिवशीही ती रडली नव्हती. ती तिथं रडली.

मी मशीनमागं उभा राहून शेवटपर्यंत कान देऊन ऐकत होतो. सगळ्या गावाला पाठ आहे तुझं गाणं, तिलाही पाठ आहे, एवढ्या घाबरलेल्या पोरीच्या तोंडात तुझी एखादी ओळ तरी येईल असं मला वाटत होतं.

नाही आली, शांते. एकही नाही आली.